रिकामा गोल

नान्नोला वाचता येत नव्हतं, पण अक्षरं काढता यायची.

अथेन्सच्या कुंभारवाड्यात यात कुणाला काही वावगं वाटत नसे. घोडा काढायला घोड्यावर बसता यावं लागतं का? तसंच ते. पेल्यावर एखादी बाई काढली, एखादा पैलवान काढला, की मध्ये जागा उरायची. तिथं ती बारीक कुंचल्यानं अक्षरं टाकायची, मनात येतील ती. एक उभी काठी, एक तंगड्या फाकवून उभा माणूस, एक दात पडलेला कंगवा. ओळीत बसवली की झालं.

"लिहिलेलं दिसलं की गिऱ्हाईक दुसऱ्यांदा बघतं," फानोस मामा म्हणायचा. "आणि माल जाणार दर्यापार. तिकडं कोण बसलंय आपलं वाचायला?"

भट्टी मामाची, चाकं मामाची आणि दिवसभरच्या शिव्याही मामाच्याच. आई-बाप गेल्यावर नान्नो आणि तिचा धाकटा भाऊ दोर्किस त्याच्याकडेच वाढले होते. दोर्किस चाकावर बसायचा, नान्नो त्याच्या पेल्यांवर चित्रं काढायची. चित्र काढताना लेप आणि माती एकाच रंगाचे दिसतात, त्यामुळे आपण काय काढलं ते भट्टीतून बाहेर आल्यावरच नीट कळतं. तिथं लेप काळा होतो आणि माती लाल राहते.

पलीकडच्या कारखान्यात कित्तोस नावाचा चित्रकार होता. त्याला वाचता यायचं, आणि ही गोष्ट एखाद्याला माहीत नसेल तर तो स्वतः सांगायचा. कुंपणाच्या भिंतीवरून रोज त्याचं डोकं वर यायचं.

"काय गं नान्नो, आज काय लिहिलंस? 'टर्रटुर्र फुस्स'? वा, वा. काल 'फुस्स टर्र' होतं. प्रगती आहे."

"हा कुंचला घालीन तुझ्या नाकात."

"मऊ बाजूनं घाल हां, म्हणजे गुदगुल्या होतील."

मग नान्नो ओल्या मातीचा गोळा भिरकावायची आणि ते डोकं खाली जायचं. माती भिंतीवर थाप्पकन बसायची. त्या भिंतीवर असे गोळे कितीतरी वाळलेले होते.

त्या वर्षी समुद्र शांत झाला, पहिली जहाजं लागली आणि वेल्थुर आला.

वेल्थुर हा पश्चिमेकडचा, तिर्सेनी देशातला व्यापारी. दर वर्षी यायचा, दारातूनच ओरडायचा, मामाला मिठी मारायचा, दोर्किसच्या पाठीत धपाटा घालायचा. गेल्या वर्षी जाताना म्हणाला होता, "या पोराला पुढच्या खेपेला मी नेणार. आमच्याकडं असा चाकावरचा हात नाही." दोर्किस अख्खा हिवाळा त्याच स्वप्नात होता. गवतात भांडी कशी बांधायची हे त्यानं तीनदा शिकून घेतलं होतं.

या वेळी वेल्थुर दारातच उभा राहिला. आत आला नाही, ओरडला नाही. दाढी वाढलेली, डोळे खोल गेलेले.

"हे कुणी लिहिलं?" त्यानं विचारलं.

त्याच्या हातात कापड होतं, आणि कापडात पेल्याचा एक तुकडा. मामाला वाटलं, तक्रार आली. "प्रवासात फुटलेल्याची जबाबदारी आमची नाही हां, आधीच सांगतो."

"कुणी लिहिलं?"

"मी," नान्नो म्हणाली. "का?"

वेल्थुरनं तुकडा तिच्यापुढं धरला. पेला भलताच विचित्र फुटला होता. चित्रातल्या बाईचं डोकं अर्धं गेलं होतं, पाय नव्हते, पण तिच्या शेजारची अक्षरं एकूण एक शाबूत. भेग त्यांच्या कडेकडेनं गेली होती. जणू मुद्दाम वळसा घातला होता.

त्यानं ओळीच्या उजव्या टोकाला बोट ठेवलं.

"आमची अक्षरं तुमच्यासारखीच. पण आम्ही इकडून वाचतो." बोट डावीकडं सरकू लागलं. "रा... म... था."

"म्हणजे काय?"

"रामथा. माझी बायको."

दोर्किसला हसू आलं. "बघ तायडे! अख्खं आयुष्य टर्रटुर्र लिहिलंस आणि एकदा अर्थ निघाला तो पण परक्याच्या बायकोचा!"

"तीही हसली होती," वेल्थुर म्हणाला.

दोर्किसनं चाकावरचा हात काढून घेतला.

वेल्थुर तिथंच उंबऱ्यावर बसला आणि पायांकडे बघत बोलत राहिला. गेल्या वर्षी घरी गेल्यावर बायकोनं माल सोडताना तो पेला पाहिला. नाव वाचून एवढी खूश झाली, की तो विकूच दिला नाही. त्यातूनच प्यायची. द्राक्षं तुडवायचे दिवस होते. ताप नाही, खोकला नाही, अंगणात बायकांबरोबर बोलत होती. पेला ओठाला लावला आणि तसाच राहिला. बायकांना वाटलं, पितेय. बराच वेळ त्यांना वाटत होतं की पितेय.

"आमच्यात ज्याचा पेला त्याच्याबरोबर थडग्यात जातो. मी तो आधी दगडावर आपटला. हे एवढं फुटलं नाही. पुन्हा आपटला. हे फुटतच नाही."

"योगायोग," मामा म्हणाला. पण आवाज बारीक होता.

"मीही तेच म्हणालो. मग राहिलेले पेले वाचले. एकावर आर्न्थ. शेजारच्या माणसानं आठ दिवसांपूर्वी तोच पेला निवडून ठेवला होता, मुलाच्या लग्नासाठी. मुलाचं नाव मला माहीतच नव्हतं. धावत गेलो. दारात माणसं जमलेली." तो थांबला. "मग एक परगावचा आला. त्यानं ढिगातून एक उचलला. मी नाव विचारलं नाही, मला विचारायचं नव्हतं. दारापर्यंत गेला आणि त्याला त्याच्या बायकोनं रस्त्यातून हाक मारली. पेल्यावर होतं त्याच नावानं."

चाक अजून हळूहळू फिरत होतं. दोर्किसनं पायानं ते थांबवलं.

नान्नोला भीती वाटली की आधी राग यायचा. "मी काय चेटकीण वाटले का तुम्हाला? मला ती बाई माहीत नाही, तो मुलगा माहीत नाही. तुमचा देश कुठल्या दिशेला आहे तेसुद्धा धड माहीत नाही मला!"

"मी तसं म्हणालो नाही, मुली. मी एवढंच विचारतो, तुला सांगतं कोण?"

"कोणीही नाही! हात जातो तसा जातो."

"मग आत्ता टाक अक्षरं."

तिनं रागाच्या भरातच कच्च्या मातीची एक खापरी ओढली, कुंचला लेपात बुडवला आणि भराभरा अक्षरं टाकली. बघितलंसुद्धा नाही. खापरी त्याच्यापुढं आदळली. "घ्या. वाचा. टर्रटुर्र फुस्स."

वेल्थुरनं उजवीकडून बोट ठेवलं.

ते बोट मध्येच थांबलं. मग त्यानं जे केलं ते नान्नोला पुढं कधी विसरता आलं नाही. तो धिप्पाड माणूस गुडघ्यांवर कोसळला, खापरी दोन्ही हातांत धरली आणि जिभेनं चाटायला लागला. कुत्रा ताटली चाटतो तसा. ओला लेप त्याच्या दाढीला लागला, दातांना लागला. अक्षरं गेली तरी तो चाटतच होता.

"रावन्थु," तो शेवटी म्हणाला. "माझी मुलगी. तिचे अजून दुधाचे दात पडतायत."

मामाच्या तोंडून शिवीसुद्धा निघाली नाही, आणि नान्नोला त्याचीच जास्त भीती वाटली. मग मामानं ती खापरी घेतली, पाण्याच्या हौदात बुडवली आणि चिखल होईपर्यंत चुरली.

"भट्टीत गेलं नाही ना?" तो म्हणाला. "मग ते अक्षर नाही. नुसता चिखल आहे. भाजल्याशिवाय काही खरं नसतं. काय?"

"हो," वेल्थुर म्हणाला. सगळ्यांनीच मान हलवली. ते वाक्य सगळ्यांना हवं होतं.

वेल्थुर माल नेणारच होता. तिकडं मेलेल्यांना रिकाम्या हातानं धाडत नाहीत, पेले लागतातच. फक्त या वेळी एकाही पेल्यावर अक्षर नको. आणि दोर्किस यायला तयार असेल तर त्याचा शब्द कायम होता.

"तो येणार नाही," नान्नो म्हणाली.

"मी जाणार आहे," दोर्किस म्हणाला.

तिनं त्याला भट्टीमागं ओढत नेलं. "तुला कळतंय का? तिकडं माझ्या हातानं माणसं मरतायत!"

"तुझ्या अक्षरांनी मरतायत. तू लिहू नकोस, संपलं. मी काय जन्मभर इथं मामाच्या शिव्या मोजत बसू? तिकडं माझं स्वतःचं चाक असेल, ताई. स्वतःचं."

"आणि एखाद्या पेल्यावर तुझंच नाव निघालं तर?"

"तर तू मला तिथं येऊन चोप दे."

ती हसली नाही. शेवटी असं ठरलं की एकूण एक पेला भट्टीतून निघाला की वेल्थुर स्वतः तपासणार, आतून, बाहेरून, बुडाखालून. कुठं दोर्किसचं नाव, कुणाचंही नाव, एक रेघ जरी दिसली, तरी दोर्किस जहाजात पाय ठेवणार नाही. त्यानं अथेनाची शपथ घेतली. तिनं भट्टीवर टांगलेल्या वेड्यावाकड्या मुखवट्याचीही घ्यायला लावली, कारण भट्टीतलं सगळं तोच बघतो.

मग कामाला सुरुवात झाली.

आजवर नान्नोला मोकळ्या जागेची कधी भीती वाटली नव्हती. आता वाटायला लागली. चित्र पूर्ण व्हायचं आणि बाईच्या चेहऱ्यासमोरची ती जागा तिच्याकडे बघत बसायची. हात आपोआप तिकडं वळायचा. मनगटात आतून कुणीतरी दोरी ओढावी तसा. तिनं डाव्या हातानं उजवं मनगट धरून काम केलं. जागा उरूच नये म्हणून द्राक्षाची पानं भरली, वेल भरले, पक्षी भरले. तरी दुपारच्या शांततेत, माशा घोंघावत असताना, कुंचल्याचं टोक मातीवर टेकायचं आणि एक उभी काठी काढून मोकळं व्हायचं. ती तिचं घाईघाईनं पान करायची.

"आज काही लिहिलं नाहीस?" कित्तोस भिंतीवरून म्हणाला. "बरी आहेस ना? मला करमत नाहीये."

"खाली हो."

"एखादं तरी फुस्स—"

तिनं गोळा मारला तो चुकवण्याइतकाही वेळ त्याला मिळाला नाही.

भट्टी लागली. आधी मोकळी आच, मग ओलं लाकूड घालून सगळी भोकं बुजवली, आत सगळं काळं झालं, मग पुन्हा भोकं उघडली. ती गार व्हायला ठेवली आणि सकाळी, चांगलं ऊन वर आल्यावर, मामानं दार फोडलं. आतून उष्ण, कोरडा श्वास बाहेर आला. दोर्किस आत वाकून एकेक पेला काढायचा, मामा पुसायचा, वेल्थुर उन्हात धरून फिरवायचा. नान्नो त्याच्या चेहऱ्याकडं बघत उभी होती. तिला पेल्यांकडं बघवत नव्हतं.

पानं, पक्षी, पानं, वेल. ढीग वाढत गेला.

"स्वच्छ," वेल्थुर म्हणाला, शेवटचा खाली ठेवून. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. "सगळे स्वच्छ."

"थांबा, एक राहिला," दोर्किस म्हणाला.

तो पुन्हा भट्टीत वाकला, आणि बाहेर आला तेव्हा त्याचे कान लाल झाले होते. हातात एक छोटासा पेला होता. एका बाजूनं जरा कललेला.

"हा विकायचा नाही. हा तुझ्यासाठी, ताई. चाकावर मी आणि चित्रही मीच. हसू नकोस."

आत, तळाला, घुबड होतं. कोंबडीसारखं दिसत होतं. आणि घुबडाखाली ओळीत अक्षरं होती.

नान्नोच्या कानांत सूं आवाज झाला.

"तू लिहिलंस?"

"तुझ्यासारखंच. मनात येतील तशी टाकली. आता तू टाकत नाहीस, तर घरात कुणीतरी—"

तिनं त्याच्या थोबाडीत मारली. पेला पडलाच असता, वेल्थुरनं झेलला. दोर्किस गाल धरून बघत राहिला. तो किती लहान दिसतो हे तिला त्या क्षणी दिसलं.

"वाचा," ती वेल्थुरला म्हणाली. "वाचा ना!"

वेल्थुरनं उजव्या टोकाला बोट ठेवलं. पुढं सरकवलं. पुन्हा मागं आणलं.

मग वेल्थुर हसला. त्या वर्षी पहिल्यांदाच.

"काही नाही. हे आमचं नाहीच. हे बघ," त्यानं उजवीकडच्या पहिल्याच अक्षरावर नख ठेवलं, "हा रिकामा गोल. असा आवाज आमच्या भाषेत नाही. आत टिंब असलेला गोल आहे, पण रिकामा नाही. आमच्याकडं कुणाचंच नाव यानं होत नाही."

"नक्की?"

"माझ्या मुलीची शपथ." आणि मग, सहज बोलल्यासारखं तो म्हणाला, "गंमत आहे. तुझ्या अक्षरांत हा रिकामा गोल कधीच नव्हता. मी सगळे पेले पाहिलेत. एकदाही नाही."

नान्नोला रडू आलं, हसूही आलं. तिनं दोर्किसला घट्ट मिठी मारली, त्याचा लाल गाल चोळला. डोक्यात कुठंतरी मागं एक विचार येऊन गेला. गोल तर काढायला सगळ्यात सोपा. पोरं मातीत पहिला गोलच काढतात. मग आपण एवढ्या वर्षांत एकदाही रिकामा गोल का काढला नाही? पण मामा ओरडत होता, गवत आणायचं होतं, माल बांधायचा होता, आणि तो विचार तसाच निघून गेला.

फालेरॉनच्या बंदरात वाऱ्यानं सगळ्यांचे केस डोळ्यांत जात होते. दोर्किस जहाजावरून ओरडला, "रोज त्यातूनच पाणी पी! नाहीतर मला विसरशील!"

"तुझं घुबड बघून कोण विसरेल?"

ती रोज त्यातूनच प्यायची. कलता पेला, म्हणून पाणी एका बाजूनं सांडायचं. कितीही ऊन असो, त्यातलं पाणी गार लागायचं, खोल विहिरीतल्यासारखं, आणि मागं मातीचा वास यायचा. ओल्या मातीचा. भाजलेल्या पेल्याला तसा वास येत नाही, हे तिला कळत होतं, पण भावाच्या हातचं म्हणून तिला तो आवडायला लागला होता. पाणी संपत आलं की आधी घुबडाचे डोळे दिसायचे, मग अक्षरं. तिला हल्ली तहान फार लागायची.

उन्हाळा सरता सरता एक जहाज परत आलं. खलाशानं निरोप आणला. पोरगा सुखरूप पोचला, चाक मिळालं, वेल्थुरची मुलगी त्याला दिवसभर छळते, तिला नवे दात आलेत. एकाही पेल्यानं काही केलं नाही.

मामानं त्या दिवशी कुणालाच शिवी दिली नाही. नान्नोनं अंजिरं वाटली. भिंतीवरून कित्तोसचं डोकं वर आलं तर त्यालाही दिली.

"काय हे! गोळ्याच्या जागी अंजीर? पाणी पण दे मग, घसा सुकलाय."

ती खुशीत होती. तिनं आपलाच पेला भरून भिंतीवरून दिला.

कित्तोस मान मागं टाकून घटाघटा प्याला. पेला खाली केला. तळाकडं बघून त्याचा चेहरा खुलला, टोमणा ओठांवर आला हे तिला स्पष्ट दिसलं.

टोमणा आला नाही.

"हे कधी शिकलीस?" तो म्हणाला.

"काय?"

"लिहायला."

"दोर्किसनं काढलंय. त्याला कुठं लिहिता येतं? टर्रटुर्र आहे ते."

"नाही गं." कित्तोसनं बोट ठेवलं. डाव्या टोकाला. "हा न. हा आ. पुन्हा न. अजून एक न."

भिंतीवरचा वाळलेला गोळा तिच्या हाताखाली भुगा होऊन पडला.

"आणि हा ओ," तो म्हणाला. त्याचं बोट रिकाम्या गोलावर होतं. "नान्नो. तुझंच तर नाव आहे."

तो हसत नव्हता. का हसत नाही हे त्यालाही कळत नसावं.

तिनं पेला परत घेतला. कित्तोसनं सगळं पाणी पिऊन टाकलं होतं, तरी गोलाच्या मधोमध एक थेंब राहिला होता, टिंबासारखा. तिनं पेला उलटा केला. झटकला. थेंब पडला नाही.

ऊन कडक होतं. नान्नोला फार तहान लागली होती.